आधी दिसतं ते मोलकरणीला

आज एका किंकाळीबद्दल बोलायचं आहे. घाबरू नका, ती मी इथे मारून दाखवणार नाही. तालमीच्या वेळी नुसता प्रयत्न केला, तर आवाजाचा काटा थेट लाल रेघेपलीकडे गेला आणि काचेच्या पलीकडून आमच्या ताईंनी दोन्ही हात जोडले.

ही बाई तुम्ही पाहिलेली आहे. नाव आठवणार नाही, पण भुताच्या सिनेमात ती असतेच. जुनी हवेली, बाहेर पाऊस, आणि हातात ताट नाहीतर कंदील घेऊन जिना चढणारी कामवाली. जे काही आहे ते तिला सगळ्यांच्या आधी दिसतं. ती ओरडते. मालक म्हणतात, 'काहीतरीच काय, मांजर असेल.' मग त्या शहाण्या माणसांच्या डोक्यात कधी प्रकाश पडतोय याची आपण अर्धा तास वाट बघत बसतो.

चार घरची धुणीभांडी करणाऱ्या आपल्या मैत्रिणींना याचं काही नवल वाटणार नाही. घरात कुणाचं कुणाशी बोलणं बंद आहे, कुणाला रात्रभर झोप लागलेली नाही, हे केर काढणारीला आधी कळतं. पण तिला विचारतं कोण?

हॉलिवूडच्या जुन्या भयपटांत हे काम जिनं सगळ्यात मोठ्या आवाजात केलं, तिचं नाव उना ओकॉनर. नायिका ती कधीच नव्हती. आपल्याकडे ज्यांना चरित्र अभिनेत्री म्हणतात, त्यांतली ती. उभट चेहरा, धारदार नाक, पक्ष्यासारखे टपोरे डोळे, आणि गळ्यातून निघणारी ती आरोळी. सिनेमात तिचं खरं बस्तान बसलं तेव्हा ती बावन्न वर्षांची होती. हा आकडा मी मुद्दाम सांगते आहे, कारण आपल्या श्रोत्यांत बावन्नच्या पुढच्या बऱ्याच जणी आहेत.

खरं नाव ॲग्नेस टेरेसा मॅकग्लेड. जन्म २३ ऑक्टोबर १८८०, आयर्लंडमधल्या बेलफास्टचा. दोन वर्षांची असताना आई गेली. वडिलांची शेतजमीन होती. ते ऑस्ट्रेलियाला निघून गेले, आणि पोरीला नात्यातल्या एका बाईनं वाढवलं. म्हणजे पोरकेपण होतं, पण भाकरीची भ्रांत नव्हती. दुसऱ्याच्या घरची भांडी तिनं स्वतः कधी घासली नाहीत, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. शिकली नन्सच्या शाळेत. शिक्षिका व्हायचं म्हणून लंडनला कलाशाळेतही गेली. पण वर्गात उभं राहण्याआधी डब्लिनच्या ॲबे थिएटरच्या अभिनयशाळेत नाव घातलं, आणि शिक्षकी राहिली ती राहिलीच. १९११ साली ॲबेच्या संचातून ती बर्नार्ड शॉच्या नाटकात उभी राहिली, आणि त्याच वर्षी संचाबरोबर अमेरिकेचा दौराही करून आली. नाव बदललं ते याच काळात.

पुढची वीस वर्षं लंडनची रंगभूमी. भूमिका कोणत्या? मोलकरीण. हॉटेलात चहा आणून देणारी. पुन्हा मोलकरीण. लंडनच्या गरीब वस्तीत जी ठसकेबाज इंग्रजी बोलतात तिला कॉकनी म्हणतात. ही बेलफास्टची बाई ती अशी बोलायची, की तिच्यासाठी तशाच भूमिका येत राहिल्या.

यात एक खोच आहे. त्या काळी आयर्लंड इंग्रजांच्या ताब्यात होतं. दुष्काळ आणि गरिबी यांमुळे आयरिश मुली लाखांनी अमेरिकेला गेल्या, आणि तिथे गोऱ्या साहेबांच्या स्वयंपाकघरांत लागल्या. इतक्या, की 'ब्रिजेट' हे साधं आयरिश नाव मोलकरणीचं सामान्यनाम होऊन बसलं. घरात कोण काम करतं असं विचारलं, तर 'आमची ब्रिजेट'. तिचं खरं नाव काय, हे विचारायची गरज कुणाला वाटायची नाही. तेव्हा आयरिश नटीला निर्माते काय देणार, हे जवळपास ठरलेलंच होतं.

१९३१ साली लंडनच्या ड्रुरी लेन थिएटरमध्ये नोएल कॉवर्डचं 'कॅव्हलकेड' आलं. त्यात उनानं एलन नावाची मोलकरीण केली. ही एलन वेगळी आहे. नाटकाच्या सुरुवातीला ती बड्या घरात राबते. नवरा स्वतःचा दारूचा गुत्ता काढतो, मुलगी रंगमंचावर नाव कमावते, आणि वर्षांनंतर एलन जुन्या मालकिणीसमोर येऊन बसते. उभी राहत नाही, बसते. तुमचा मुलगा माझ्या मुलीच्या प्रेमात आहे, तेव्हा लग्नाचं काय, असं विचारायला आलेली असते. अंगावर चांगले कपडे आहेत, पण जुन्या मालकिणीपुढे आवाजाची पट्टी नेमकी कुठे ठेवायची हे तिला कळत नाही. या नाटकाचा हॉलिवूडनं सिनेमा केला तेव्हा एलनसाठी उनालाच बोलावलं. १९३३ च्या या सिनेमाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं, आणि उना कॅलिफोर्नियात राहिली.

इथे जेम्स व्हेल येतो. 'फ्रँकेन्स्टाइन' (१९३१) हा ज्याच्या नावावर आहे, तो दिग्दर्शक. हा इंग्लंडच्या डडली गावचा, कोळसा आणि लोखंडाच्या मुलखातला. वडील झोतभट्टीवर कामाला, घरात सात मुलं, आणि हा पोरवयात जोडे दुरुस्त करायचा. पहिल्या महायुद्धात जर्मनांच्या कैदेत पडला आणि कैद्यांच्या छावणीत नाटकं बसवायला शिकला. पुढे तो चांगलाच रुबाबदार साहेब झाला, पण त्याच्या भयपटांत नोकरमाणसं, गावकरी, पोलीस यांना बोलायला भरपूर असतं. मालक लोक प्रेमाच्या आणि विज्ञानाच्या गप्पा मारतात, आणि सिनेमा खरा जिवंत असतो तो खाली, गुत्त्यात आणि स्वयंपाकघरात.

'द इनव्हिजिबल मॅन' (१९३३) हा त्याचा सिनेमा एच. जी. वेल्सच्या कादंबरीवरचा. बर्फ पडतंय, इपिंग नावाचं खेडं, खाली गुत्ता आणि वर मुक्कामाच्या खोल्या अशी सराई. दार उघडून एक माणूस आत येतो. डोक्यापासून हनुवटीपर्यंत पट्ट्या गुंडाळलेल्या, डोळ्यांवर काळा चष्मा, वागणं उद्धट. त्याला खोली हवी. सराईची मालकीण जेनी हॉल म्हणजे आपली उना. ती मोलकरीण नाही, मालकीण आहे, पण वर-खाली ताटं तीच वाहते. जेवण देताना मोहरी राहिली, म्हणून पुन्हा जिना चढून जाते, आणि काहीतरी बरं नाही हे तिला त्या क्षणी कळतं. पुढे भाडं थकतं, खोलीत औषधांची बाटल्याबुडकुल्या साचतात, तेव्हा ती नवऱ्याला वर पिटाळते. त्या बिचाऱ्याची जायची इच्छा नसते. तो पाहुणा त्याला जिन्यावरून खाली फेकतो. आणि मग ती किंकाळी. एक नाही, एकीमागून एक, श्वास घ्यायला थांबून पुन्हा नव्या जोमानं. गावकरी वैतागतात. बघणारेही.

आता थोडं यामागचं काम सांगते. अदृश्य माणूस पडद्यावर दाखवायचा कसा? जॉन फुल्टन नावाच्या तंत्रज्ञानं नटाला डोक्यापासून काळ्या मखमलीत झाकलं, त्यावर कपडे चढवले, मागेही काळी मखमल लावली, आणि ती फिल्म दुसऱ्या चित्रावर बसवली. काळं ते नाहीसं झालं, नुसता सदरा चालू लागला. बाकी ठिकाणी तारा लावून वस्तू उचलल्या. हे सगळं अफलातून आहेच. पण नायक क्लॉड रेन्सचा चेहरा शेवटच्या क्षणापर्यंत दिसत नाही. मग आपण घाबरायचं कशाला बघून? बघणाऱ्याच्या तोंडाकडे बघून. समोर काहीही नसताना तिथे काहीतरी आहे, हे उनानं डोळे विस्फारून आपल्याला पटवायचं. तारा आणि मखमल फुल्टनची, भीती मात्र त्या सराईवालीची आणि तिच्या गिऱ्हाइकांची.

शिवाय बोलपट तेव्हा सहा-सात वर्षांचं बाळ होतं. आजच्या भयपटात दार उघडायच्या आधी दहा व्हायोलिनं कुरकुरतात. तेव्हाच्या बऱ्याच सिनेमांत प्रसंगांमागे संगीत जवळजवळ नसायचंच. शांततेत एकदम उठणारा माणसाचा आवाज हाच धक्का. माईकशिवाय ड्रुरी लेनच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा गळा इथे कामाला आला.

मला स्वतःला विचाराल, तर 'इनव्हिजिबल मॅन'मध्ये दोन किंकाळ्या कमी चालल्या असत्या. या बाईवरून भयपटांच्या दर्दी मंडळींत आजही दोन तट आहेत. काहींना तिचा आवाज ऐकला की उठून जावंसं वाटतं, आणि त्यात त्यांचं फार चुकतं असं नाही. पण १९३५ चा 'ब्राइड ऑफ फ्रँकेन्स्टाइन' पाहिल्यावर माझं मत फिरलं.

त्यात ती मिनी आहे. फ्रँकेन्स्टाइन हे राक्षसाचं नाव नव्हे बरं, त्याला मुडद्यांच्या तुकड्यांतून बनवणाऱ्या शास्त्रज्ञाचं. मिनी त्याच्या घरची जुनी बाई. सिनेमा सुरू होतो तेव्हा राक्षस जळत्या पवनचक्कीत मेला, असं गावानं धरून चाललेलं आहे. मिनी ती आग जत्रा बघावी तशी बघते. सगळे घरी जातात, ती मागे रेंगाळते. मागे वळते, तर तो समोर. किंकाळी, आणि ती धूम पळत घरी. तिथे दुसऱ्या नोकराला सांगते की तो जिवंत आहे. तो तिला गप्प बसवतो. त्यावर मिनी काय करते? वाद घालत नाही, रडत नाही. आपण हात धुतले म्हणते, मरू देत सगळ्यांना आपापल्या बिछान्यात. आणि निघून जाते.

हा प्रसंग काही सेकंदांचा आहे, आणि हसू येतं. पण त्या बाईच्या चेहऱ्यावर भीती ओसरून जो राग येतो, तो मी ओळखते. तुम्हीही ओळखाल. पुढे जे जे अनर्थ होतात, ते सगळे मिनीनं सांगून झाल्यानंतरचे. थोड्याच वेळात शास्त्रज्ञाला मेला समजून आणून ठेवतात, तेव्हा त्याचा हात हलताना पाहते तीही मिनीच.

याच दोन सिनेमांत आणखी एक चरित्र अभिनेता आहे, त्याचं सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. ड्वाइट फ्राय. 'ड्रॅक्युला'मध्ये (१९३१) माश्या खाणारा, विचित्र हसणारा वेडा रेनफिल्ड आणि 'फ्रँकेन्स्टाइन'मधला कुबडा फ्रिट्झ. न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर नावाजलेला हा नट या दोन भूमिकांत असा अडकला, की नंतर वेडे आणि साथीदार यांपलीकडे त्याला फारसं काही मिळेना. 'इनव्हिजिबल मॅन'मध्ये तो एका बातमीदाराच्या चिमुकल्या कामात आहे, श्रेयनामावलीत नावही नाही. 'ब्राइड'मध्ये त्याचं काम मोठं होतं. त्याचा कार्ल स्वतःच्या काकाचा खून करतो आणि आळ राक्षसावर ढकलतो. पण पहिल्या खेळानंतर व्हेलनं सिनेमा पंधराएक मिनिटांनी कापला, आणि त्यात हा धागा गेला. दुसऱ्या महायुद्धात फ्राय रात्रपाळीला विमानांच्या कारखान्यात आरेखनाचं काम करत होता. हृदयाचं दुखणं त्यानं लपवलेलं होतं. नोव्हेंबर १९४३ मध्ये तो बसमध्ये कोसळला आणि चव्वेचाळिसाव्या वर्षी गेला. मृत्यूच्या दाखल्यावर व्यवसाय लिहिला होता, टूल डिझायनर. १९७१ साली ॲलिस कूपर या रॉक गायकानं त्याच्या नावानं गाणं केलं.

उना त्या चरकातून सुटली. एका अर्थानं. 'ब्राइड' आला एप्रिल १९३५ मध्ये. त्याच्या पुढच्याच महिन्यात जॉन फोर्डचा 'द इन्फॉर्मर' आला. डब्लिनची गोष्ट. पैशासाठी जिपो नावाचा माणूस आपल्या मित्राची खबर पोलिसांना देतो, मित्र गोळीबारात मरतो. त्या मित्राची आई उना झाली आहे. शेवटी गोळ्या लागलेला जिपो धडपडत चर्चमध्ये येतो, तिथे ती प्रार्थनेला बसलेली असते. तो कबूल करतो की तुझ्या मुलाला मीच पकडून दिलं. ती त्याला क्षमा करते. ओरडत नाही, हंबरडा नाही. त्या चेहऱ्यात आवाजच नाही. एका महिन्याच्या अंतरानं आलेले हे दोन सिनेमे एकापाठोपाठ पाहा, आणि ही तीच बाई का, असं स्वतःलाच विचारा. मला तर नावं पुन्हा तपासावी लागली.

तरी एकूणात तिला जास्त करून काय मिळालं? 'डेव्हिड कॉपरफिल्ड'मधली कुरकुरी मिसेस गमिज, 'रॉबिन हूड'मधली (१९३८) नायिकेची दासी बेस, 'कँटरव्हिल घोस्ट'मधली (१९४४) घर सांभाळणारी बाई. ट्रे, चाव्यांचा जुडगा, पांढरी टोपी. कामं येत राहिली, ती करत राहिली. लग्न केलं नाही. इतकी वर्षं स्वतःच्या कमाईवर, परक्या देशात, वयाच्या सत्तरीपलीकडे राबत राहणं हे मला त्या किंकाळीपेक्षा मोठं वाटतं.

आणि मग १९५७. बिली वाइल्डरचा 'विटनेस फॉर द प्रॉसिक्यूशन'. अगाथा ख्रिस्तीची कथा. तिच्या नाटकात न्यूयॉर्कमध्ये उनानं जी भूमिका केली होती, तीच सिनेमात: जॅनेट मॅकेन्झी, खून झालेल्या श्रीमंत बाईची मोलकरीण. कोर्टात ती सांगते की त्या रात्री मालकिणीच्या खोलीतून आरोपीचा आवाज मी ऐकला. बचावाचा वकील चार्ल्स लॉटन आवाज बारीक करून प्रश्न विचारतो. तिला तो ऐकू येत नाही, आणि तिची साक्ष तिथेच संपते. कानाच्या यंत्रासाठी सरकारकडे अर्ज केलाय, अजून मिळालं नाही, असं ती सांगते, तर न्यायाधीश विनोद करतात आणि कोर्ट हसतं. म्हातारी तोंडातल्या तोंडात बडबडत पिंजऱ्यातून उतरते.

सिनेमाच्या शेवटी एक आवाज प्रेक्षकांना बजावतो की शेवट कुणाला सांगू नका. आता इतकी वर्षं झाली, मी अर्धाच सांगते. तिनं बरोबर ऐकलं होतं.

त्याच सिनेमात वकिलाच्या मागे औषधं घेऊन धावणारी नर्स आहे एल्सा लँचेस्टर. बावीस वर्षांपूर्वी 'ब्राइड'मध्ये विजेच्या झटक्यानं उभ्या राहिलेल्या केसांची नवरी झाली होती ती हीच. म्हणजे नवरी आणि मिनी पुन्हा एका सिनेमात आल्या, एक नर्स आणि एक मोलकरीण होऊन.

उनाचा तो शेवटचा सिनेमा. ४ फेब्रुवारी १९५९ रोजी न्यूयॉर्कमध्ये ती गेली, अठ्ठ्याहत्तर वर्षांची होऊन. पण त्याआधी एक गंमत झाली होती. १९५७ च्या ऑक्टोबरपासून युनिव्हर्सल कंपनीचे जुने बावन्न सिनेमे 'शॉक' या नावाखाली अमेरिकेत टीव्हीवर दाखवायला लागले. त्यात 'इनव्हिजिबल मॅन' होता. पुढच्या वर्षी दुसऱ्या गठ्ठ्यातून 'ब्राइड' आला. आपल्याकडे १९९३ पासून 'झी हॉरर शो' लागायचा आणि पांघरुणातून एक डोळा बाहेर काढून पोरं तो बघायची, तसंच तिथे झालं. ज्या सिनेमांना आज 'कल्ट' म्हणतात, म्हणजे ज्यांचा एक वेडा पंथच असतो, त्यांचा पंथ वाढला तो त्या रात्रींतून. बेलफास्टच्या त्या म्हातारीची वीस-पंचवीस वर्षांपूर्वीची किंकाळी घराघरांतल्या बैठकीच्या खोलीत ऐकू येत होती, आणि ती स्वतः त्याच देशात होती.

दोन्ही सिनेमे छोटे आहेत, 'इनव्हिजिबल मॅन' एकाहत्तर मिनिटांचा, 'ब्राइड' पंचाहत्तर. ओटा आवरून झाल्यावर बसलात तर झोपायच्या वेळेआधी एक संपतो. जेनी हॉल मोहरी घेऊन जिना चढायला लागली की घरच्यांना सांगून ठेवा, शेजारी विचारायला येतील. पुढच्या भागात भेटू. नमस्कार.